ब्रेडला लोणी कुठल्या बाजूनं?

गेल्या महिन्यात याच पानावर एका वाचकाला 'ब्रेड अँड बटर'चा अर्थ मी दीड ओळीत सांगून मोकळा झालो. पान संपत आलं होतं, दुसरं काही कारण नाही. महिनाभरात जी पत्रं आली त्यांतल्या निम्म्यांत ब्रेड निघाला. कुणाचं त्या दीड ओळीत पोट भरलं नव्हतं, कुणाला लोफ (अख्खा, न कापलेला ब्रेड) म्हणजे डोकं कसं हे हवं होतं, आणि एका माउलीनं लेकीच्या मोबाइलमधला एक शब्द कागदावर उतरवून, खाली 'वाईट असेल तर कळवावे' असं लिहून पाठवला. तेव्हा या महिन्यात फक्त ब्रेड. 'हॅव बीन' आणि 'हॅड बीन'वाल्यांनी पुढच्या अंकापर्यंत दम धरावा.

मला यात जरा जास्तच रस आहे, हे आधीच सांगतो. ३५ वर्षं इंग्रजी शिकवलं खरं, पण वाढलो वडिलांच्या बेकरीत. मंगळवार पेठेत आमची छोटी बेकरी होती, लाकडाची भट्टी. पहाटे तीनला लाकडी हौदात मैदा मळायला सुरुवात व्हायची, आणि शाळेला जाताना माझ्या कानाच्या पाळीला पीठ लागलेलं असायचं. पोरं 'पाव्या' म्हणायची. 'डो' म्हणजे मळलेलं पीठ. हा शब्द पुस्तकात भेटायच्या आधी मी तो नखांत घेऊन फिरलोय.

प्रश्न : सर, मी शिरोली एमआयडीसीत एका फाउंड्रीत एक्स्पोर्टचं काम बघतो. इंग्लंडच्या गिऱ्हाइकाचा मेल आलाय. आमच्या एका कास्टिंगला त्यानं 'ब्रेड अँड बटर आयटम' म्हटलंय. पुढं लिहिलंय की नव्या डिझाइनला सगळे 'बेस्ट थिंग सिन्स स्लाइस्ड ब्रेड' म्हणत असले तरी त्याला अजून पटलेलं नाही. आमचे साहेब विचारतात, हा माणूस सारखा खाण्यावर का येतोय?

साहेबांना सांगा, माणूस भुकेलेला नाही, सावध आहे.

'ब्रेड अँड बटर आयटम' म्हणजे रोजचा, हमखास जाणारा माल. त्यात फार मोठा नफा नसेल, पण त्याच्यावर शेडचं लाइट बिल निघतं. आपण 'मीठभाकरी' म्हणतो ते याच्या जवळ जातं, पण तंतोतंत बसत नाही. 'मीठभाकर खाऊन राहू' म्हणताना आपल्या आवाजात गरिबी असते आणि थोडा ताठाही असतो. इंग्रजाच्या ब्रेड-बटरमध्ये यातलं काही नाही. त्यात फक्त नेम आहे, रोज ठरल्या वेळी पानात येणारी गोष्ट. म्हणून क्रिकेटचा समालोचक एखाद्या फलंदाजाच्या हक्काच्या फटक्याला 'ब्रेड अँड बटर शॉट' म्हणतो. निवडणुकीत महागाई, पगार, वीजबिल हे 'ब्रेड अँड बटर' प्रश्न असतात. आणि कुणाच्या घरी चार दिवस राहून आल्यावर आभाराचं जे पत्र टाकायचं, ते 'ब्रेड अँड बटर लेटर'. आपल्याकडं ही पद्धत नाही. आपण पाहुण्याला परत बोलावतो, तेवढ्यात हिशेब मिटतो.

आता स्लाइस्ड ब्रेड. ही गोष्ट मला भारी आवडते, कारण यात एका सोनारानं बेकरीवाल्यांची वाट लावली, चांगल्या अर्थानं. ऑटो रोहवेडर हा अमेरिकेतला जवाहिऱ्या. ब्रेड कापणारं यंत्र बनवायचं त्याच्या डोक्यात बसलं. १९१७ साली आग लागली आणि यंत्र, आराखडे सगळं जळालं. गड्यानं पुन्हा पैसे उभे केले, पुन्हा बनवलं. बेकरीवाले हसत होते, कारण कापलेला ब्रेड लवकर वाळतो, तो कोण घेणार? शेवटी ७ जुलै १९२८ रोजी मिझुरी राज्यातल्या चिलिकोथी गावात कापलेला ब्रेड पहिल्यांदा दुकानात आला. त्या दिवशी रोहवेडरचा ४८वा वाढदिवस होता. जाहिरातीत या ब्रेडचं कौतुक कसं केलं होतं ते बघा : ब्रेड कागदात गुंडाळून विकायला लागल्यापासून धंद्यात झालेली ही सर्वांत मोठी सुधारणा. म्हणजे तोवर कौतुकाचं माप गुंडाळलेला ब्रेड होतं, नंतर कापलेला ब्रेड झालं. पुढं महायुद्धात, जानेवारी १९४३ मध्ये, अमेरिकी सरकारनं कापलेल्या ब्रेडवर बंदी घातली. घराघरांतून असा गहजब झाला की मार्चमध्ये बंदी उठली.

कोल्हापूरकराला यात नवल वाटायचं कारण नाही. पुण्या-मुंबईचा पाहुणा मिसळीच्या टेबलावर बसून 'पाव आणा' म्हणतो आणि समोर स्लाइस आल्या की त्याचा चेहरा पडतो. त्याला सांगावं लागतं, बाबा, पाव नुसता बुडतो, स्लाइस पिते. कोपरा कटात धरा. आधी कडेनं तर्री चढते, मग मधला पांढरा भाग बघता बघता लाल होतो, आणि तो ताटलीत गळून पडायच्या आत तोंडात गेला पाहिजे. एवढी दोन सेकंदांची कामगिरी जाड कापाच्या ब्रेडलाच जमते. माझे वडील मिसळवाल्यांचा ब्रेड वेगळा भाजायचे, जरा घट्ट.

तर 'बेस्ट थिंग सिन्स स्लाइस्ड ब्रेड' म्हणजे आपलं 'जगात भारी'. फक्त एक ध्यानात घ्या. इंग्रज हे बऱ्याचदा ओठ मुडपून म्हणतो. 'स्वतःला जगात भारी समजतोय' यातला जो सूर, तोच. तुमच्या गिऱ्हाइकाला म्हणायचंय की सगळे नाचतायत, मी नाचणार नाही. उत्तरात ब्रेडचा उल्लेख न करता टेस्ट रिपोर्ट जोडा आणि दोन सॅम्पल पाठवा.

प्रश्न : आमच्या ऑफिसातल्या एका सहकाऱ्याबद्दल मॅडम म्हणाल्या, 'ही नोज व्हिच साइड हिज ब्रेड इज बटर्ड.' हे कौतुक की टोमणा? (नाव छापू नये.)

नाव छापलेलं नाही. टोमणा आहे.

ब्रेडच्या कुठल्या बाजूला लोणी लावलंय हे त्याला बरोबर ठाऊक आहे, म्हणजे आपला फायदा कुणाच्या हातात आहे हे तो ओळखून आहे. ही म्हण इंग्रजीत जुनी, जॉन हेवुडच्या १५४६ सालच्या म्हणींच्या संग्रहात सापडते. आपल्याकडं 'ज्याची खावी पोळी, त्याची वाजवावी टाळी' आहेच. पण दोन्हींत एक गंमत आहे. आपला माणूस टाळी वाजवतो, म्हणजे सगळ्या ऑफिसला ऐकू जातं. इंग्रजाचा माणूस फक्त जाणून असतो, ओठावर काही येऊ देत नाही. तुमचा सहकारी यातल्या कुठल्या जातीचा, ते तुम्हीच बघा.

आणि हो, 'बटर अप' म्हणजे आपलं मस्का मारणं. इथं दोन्ही भाषांना एकच पदार्थ सुचला. गुळगुळीतपणाला लोण्यासारखं दुसरं आहे तरी काय.

प्रश्न : सर, नमस्कार. मी राजारामपुरीत मुलांची खानावळ चालवते. मालक जाऊन सहा वर्षं झाली. मुलीच्या ॲडमिशनच्या फॉर्मवर 'ब्रेडविनर' असा रकाना होता. खिडकीवरचा माणूस म्हणाला, घरातल्या कर्त्या पुरुषाचं नाव घाला. मी मुलाचं घातलं. तो नववीत आहे. बरोबर केलं का?

ताई, चुकलं. पण ही चूक खिडकीच्या पलीकडची आहे.

'ब्रेडविनर' म्हणजे ज्याच्या कमाईवर घर चालतं ती व्यक्ती. पुरुष हा शब्द त्यात कुठंही नाही. आता या शब्दातलं 'विन' आपल्याला शर्यत जिंकण्यासारखं वाटतं. माझा एक विद्यार्थी पेपरात 'पाव जिंकणारा' असं लिहून आला होता, मी त्याला अर्धा मार्क दिला. पण जुन्या इंग्रजीत या क्रियापदाचा अर्थ राबणं, झगडणं असा होता. जिंकणं मागाहून आलं. म्हणजे भाकरीसाठी जो राबतो, किंवा जी राबते, ती.

आता तुमच्या कामाशी जवळचं आणखी एक सांगतो. 'लोफ' या शब्दाचं हजार वर्षांपूर्वीचं रूप 'ह्लाफ'. त्यावरून दोन शब्द झाले. एक होता ब्रेडचा राखणदार, 'ह्लाफवेअर्ड', तो झिजत झिजत 'लॉर्ड' झाला. दुसरी होती पीठ मळणारी, 'ह्लॅफदिये'. तिची झाली 'लेडी'. लेडी म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढं हॅट घातलेली गोरी बाई येते, तिच्या हाताला पीठ असेल असं कुणाच्या मनात येत नाही. आणि त्या घरात जो नोकर, आश्रित म्हणून राहायचा, त्याला म्हणायचे 'ह्लाफ-एटा', ब्रेड खाणारा. एक राखतो, एक मळते, एक खातो. सगळी घराची रचना एका ब्रेडवर.

तुम्ही दिवसाला किती भाकऱ्या थापता ते पत्रात नाही, पण मुलांची खानावळ म्हटल्यावर मला अंदाज आहे. पहिल्या अर्थानं लेडी तुम्हीच, आणि लॉर्डही. फॉर्म दुरुस्त करायची मुदत असते. जाऊन रकान्यात स्वतःचं नाव घाला, नात्यापुढं 'आई' लिहा, उत्पन्नाच्या दाखल्यावर जे नाव आहे तेच इथं आलं पाहिजे हेही खिडकीवर सांगा. मुलाचं नाव तसंच राहिलं तर उद्या शिष्यवृत्तीला अडचण येईल. खिडकीवर कुणी वाद घातलाच तर मला कळवा, मी डिक्शनरी घेऊन येतो. निवृत्त माणसाला वेळ असतो.

प्रश्न : पाव पायानं मळतात म्हणून त्याला पाव म्हणतात, हे खरं का? आमच्या गल्लीत यावरून पैज लागली आहे. (गडहिंग्लज)

पैज कोण हरलं ते मला ठाऊक नाही, पण पायवाला हरला.

ही थाप मी सहावीत असल्यापासून ऐकतोय. एकदा वर्गातल्या पोरानं सगळ्यांसमोर म्हटलं, 'ह्याचा बा पीठ तुडवतोय.' घरी जाऊन वडिलांना सांगितलं. त्यांनी काही न बोलता बाह्या सरसावल्या आणि हात पुढं केले. मनगटापासून कोपरापर्यंत पैलवानासारखे पीळ. म्हणाले, 'पायाचं काम असतं तर हे कशानं झालं असतं रं?'

शब्द पोर्तुगीजांचा. त्यांच्या भाषेत ब्रेडला 'पांव' म्हणतात, शेवट नाकात. गोव्यातून तो वर आला आणि नाकातला सूर वाटेत गळला. पोर्तुगीजांना तो लॅटिनच्या 'पॅनिस'वरून मिळाला. आता इथून पुढं मजा आहे. त्याच 'पॅनिस'ला 'बरोबर' अशा अर्थाचं 'कॉम' लागून इंग्रजीत 'कंपॅनियन' आला : ज्याच्याबरोबर ब्रेड खायचा तो. 'कंपनी' त्याच घरातली, आणि 'पँट्री'सुद्धा. म्हणजे वडापावातला पाव, आणि ज्या कंपनीत तुमचा मुलगा नोकरीला लागला ती कंपनी, ही चुलत भावंडं आहेत. आपल्याकडं एका ताटात जेवणारे म्हटलं की जे नातं कळतं, किंवा तालमीत एका चुलीवर शिजवून खाणाऱ्या पैलवानांचं जे असतं, तेच कंपॅनियनचं मूळ. आता कंपनीत कुणी कुणाच्या डब्यात हात घालत नाही, तो भाग वेगळा.

आणि पैज हरलेल्याला थोडा दिलासा. पावकिलो, पावशेर यातला जो 'पाव' आहे, चौथा हिस्सा, तो मात्र खरंच पायावरून आलाय. संस्कृत 'पाद' म्हणजे पाय. जनावराला चार पाय, म्हणून एक पाय म्हणजे चौथाई. तेव्हा गल्लीत तह करायचा असेल तर पाव पैज त्याला द्या.

प्रश्न : सर, कॉलेजात सगळे पैशाला 'ब्रेड' नाहीतर 'डो' म्हणतात. इंटरव्ह्यूत 'आय नीड द ब्रेड' म्हटलं तर चालेल का? आणि 'यूज युवर लोफ' म्हणजे काय?

भावा, इंटरव्ह्यूत असं म्हणालास तर ते तुला कँटीनचा रस्ता दाखवतील. तिथं सरळ 'सॅलरी' म्हण.

'डो' म्हणजे पैसा, हे अमेरिकेत एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून चालत आलंय. 'ब्रेड' त्या मानानं नवा, विसाव्या शतकातला, जॅझ वाजवणाऱ्यांच्या तोंडून पसरला. दोन्ही मित्रांत बोलायचे शब्द, बापाशी नाही आणि बँकेशी तर नाहीच. आपल्याकडं लाखाला 'पेटी' आणि कोटीला 'खोका' म्हणतात. त्यांच्या पैशाला भट्टीचा वास, आपल्या पैशाला गोडाऊनचा. यावर कुणीतरी प्रबंध लिहावा, मी लिहिणार नाही.

'यूज युवर लोफ' म्हणजे 'डोकं चालव'. हे लंडनच्या ईस्ट एंडमधल्या कॉकनी लोकांचं. त्यांची एक खोड आहे. शब्द सांगायचा नाही, त्याच्याशी यमक जुळणारा दुसरा शब्द सांगायचा. 'हेड'शी यमक 'ब्रेड', म्हणून डोक्याला म्हणायचं 'लोफ ऑफ ब्रेड'. मग त्यातून यमकाचा शब्दच काढून टाकायचा. उरला 'लोफ'. ज्याला किल्ली माहीत नाही तो जन्मभर शोधत बसेल. पैशालाही त्यांनी असंच 'मनी'शी जुळवून 'ब्रेड अँड हनी' केलंय. लहानपणी आपण 'च'ची भाषा बोलायचो, मोठ्यांना कळू नये म्हणून. यांनी ती मोठेपणीही सोडली नाही, एवढंच.

प्रश्न : मुलीच्या फोनमध्ये 'ही इज ब्रेडक्रंबिंग मी' असे वाचले. वाईट असेल तर कळवावे. (एक आई, इचलकरंजी)

वाईट आहे, पण तुम्हाला वाटतंय तसलं नाही. ब्रेडक्रंब म्हणजे पावाचा चुरा. मुलगा तिला चिमूटभर चुरा टाकतोय : चार दिवसांतून एक मेसेज, एखादा हसरा चेहरा, 'भेटू कधीतरी'. भेटायचं नाव नाही आणि सोडायचंही नाही. मराठीत झुलवत ठेवणं. तुमच्या लेकीला हे कळलंय आणि तिनं ते मैत्रिणीला लिहिलंय, म्हणजे मुलगी शहाणी आहे. काळजी त्या मुलाच्या आईनं करावी. फोन मात्र परत वाचू नका.

जाता जाता : वेबसाइटवर वरच्या बाजूला 'मुख्यपान, विभाग, उपविभाग' अशी जी वाट दिसते तिलाही ब्रेडक्रंब्ज म्हणतात. ते ग्रिम बंधूंच्या गोष्टीतून आलं. त्यातली भावंडं जंगलातून परतीची वाट सापडावी म्हणून चुरा टाकत जातात. गोष्टीत तो चुरा पाखरं खाऊन टाकतात आणि पोरं चुकतात, हे वेबसाइटवाल्यांनी सोयीस्कर विसरलंय.

प्रश्न : 'रेझ अ टोस्ट' आणि 'यू आर टोस्ट' यांत एकच टोस्ट आहे का? (एक शिक्षिका, कागल)

बाई, या प्रश्नावर माझं जुनं देणं आहे.

१९८० साल, नोकरीचं दुसरं वर्ष. धड्यात लग्नाची मेजवानी होती आणि पाहुणे उभे राहून 'टोस्ट' उंचावतात असं वाक्य होतं. मी बेकरीवाल्याचा पोरगा. टोस्ट म्हणजे काय ते मला कुणी शिकवायचं? मी वर्गाला सांगितलं, सगळे पाहुणे हातात भाजलेल्या ब्रेडचा तुकडा घेऊन उभे राहिले आणि त्यांनी तो वर धरला. शेवटच्या बाकावरनं आवाज आला, 'सर, खारी चालत न्हाय का?' वर्ग फुटला. मागं तपासणीला आलेले एक ज्येष्ठ सर बसले होते. त्यांनी तास संपल्यावर बाजूला घेऊन सांगितलं, पाहुण्यांनी पेले उंचावले, ब्रेड नव्हे. वर शेऱ्यात लिहिलं, 'तयारी कमी पडते.'

त्या रात्री झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी ग्रंथालयात जाऊन जाडजूड कोश काढला. आणि काय निघावं? पूर्वी इंग्लंडात भाजलेल्या ब्रेडचा मसाला लावलेला तुकडा दारूच्या पेल्यात टाकायचे, चव यावी म्हणून. सतराव्या शतकाच्या अखेरीस एखाद्या सुंदर बाईचं नाव घेऊन पेला रिकामा करायची टूम निघाली. तिच्या नावानं दारूला चव येते, टोस्टनं येते तशी. म्हणून ती बाईच 'टोस्ट' झाली, मग तो पेला, मग तो सोहळा. ब्रेड कधीचाच पेल्यातून नाहीसा झाला, नाव तेवढं राहिलं. म्हणजे मी चुकलो होतो, पण फक्त तीनशे वर्षांनी.

हे वडिलांना सांगितलं तेव्हा ते बशीतल्या चहात टोस्ट बुडवत होते. आपला टोस्ट, म्हणजे दोनदा भाजलेला, खडखडीत. तो बुडवला तरच खाता येतो. बशीकडं बघून म्हणाले, 'मग त्यात त्यांनी नवीन काय केलं?' (बाहेरगावच्या वाचकांसाठी : आमच्याकडं बेकरीत 'बटर' मागितलं तर जो गोल, कडक पदार्थ हातात पडतो त्यात लोणी शोधू नये. तोही चहातच बुडवायचा असतो.)

'यू आर टोस्ट' यात तोच ब्रेड आहे, पण प्रसंग उलटा. तू भाजून निघालास, संपलास. १९८०च्या दशकात अमेरिकी सिनेमातून हे सगळीकडं गेलं. मुलांना समजावताना 'तुझा बाजार उठला' असं सांगा, पुढचा अर्थ ते सांगतील.

प्रश्न : स्पर्धा परीक्षेसाठी 'अप्पर क्रस्ट', 'हाफ-बेक्ड', 'बेकर्स डझन' आणि 'हाफ अ लोफ' यांचे अर्थ थोडक्यात द्यावेत.

थोडक्यात देतो. 'अप्पर क्रस्ट' म्हणजे समाजातला वरचा, खानदानी थर. नोकरांना ब्रेडचा करपलेला तळ आणि मालकांना वरचा पापुद्रा मिळायचा, म्हणून हा शब्द आला, अशी गोष्ट मोबाइलवर फिरते. तिला पुरावा नाही. तळ करपतो हे मात्र खरं, तो भट्टीच्या फरशीवर बसलेला असतो.

'हाफ-बेक्ड' म्हणजे पुरता विचार न केलेला बेत. 'अर्ध्या हळकुंडानं पिवळा' असं उत्तर लिहू नका, ते फुशारक्या माणसाला लागू होतं, हे योजनेला. ब्रेड पुरता भाजला की नाही हे वडील कसं ओळखायचे सांगतो : उलटा करून तळावर बोटाच्या पेरानं टकटक. पोकळ आवाज आला तर झाला, मऊ दबका आला तर परत आत. काही योजनांना अशी टिचकी मारायची सोय हवी होती.

'बेकर्स डझन' म्हणजे १३. इंग्लंडात १२६६ च्या सुमारास ब्रेडच्या वजनाचा कायदा झाला, कमी भरलं तर बेकरीवाल्याला शिक्षा व्हायची, म्हणून तो धास्तीनं एक जास्त द्यायचा, असं मानतात. आमच्या बेकरीतही डझनावर एक जायचा, पण धास्ती कायद्याची नव्हती, शेजारणींची होती.

'हाफ अ लोफ इज बेटर दॅन नो ब्रेड' म्हणजे काहीच नसण्यापेक्षा अर्धं बरं. 'फूल ना फुलाची पाकळी' असं भाषांतर बऱ्याच गाइडांत आहे. ते चूक. पाकळी देणारा म्हणतो, अर्धा ब्रेड घेणारा म्हणतो. 'दगडापेक्षा वीट मऊ' त्यातल्या त्यात जवळ.

प्रश्न : आजोबा, ब्रेड पडला की लोण्याची बाजूच खाली का येते? मी सातवीत आहे. मी सहा वेळा करून बघितलं. आई रागावली.

अरे वा. सहा वेळा म्हणजे तू शास्त्रज्ञच. इंग्रजीत ही म्हणच आहे, नशीब वाईट असलं की 'ब्रेड लोण्याच्या बाजूवर पडतो'. पण यात नशीब नाही. रॉबर्ट मॅथ्यूज नावाच्या शास्त्रज्ञानं १९९५ साली यावर निबंध लिहिला, आणि पुढच्या वर्षी त्याला इग नोबेल नावाचं गमतीचं बक्षीस मिळालं. लोण्याच्या वजनानं काही होत नाही. ब्रेड टेबलाच्या कडेवरून घसरतो तेव्हा तो गिरकी घ्यायला लागतो, पण आपली टेबलं एवढीशी बुटकी, की जमिनीवर पोचेपर्यंत त्याची जेमतेम अर्धीच कोलांटी होते. सुरुवातीला लोणी वर होतं, अर्ध्या कोलांटीनंतर ते खाली. टेबल पुरेसं उंच असतं तर कोलांटी पूर्ण होऊन तो पुन्हा लोणी वर करून पडला असता. खासबागेत कुस्ती बघितली असशील. पैलवान अर्धा फिरला की पाठ मातीला लागते आणि चीतपट होतो, पुरता फिरला तर सुटतो. तसंच.

आता सातव्या वेळी ब्रेडला लोणी लावू नकोस. एका बाजूला पेन्सिलीनं फुली मार आणि वही घेऊन वीस वेळा टाक. निकाल मला पाठव. आईला सांग, आजोबांनी सांगितलंय.